पहिला हात वाळल्याशिवाय

गेल्या वर्षी आलेल्या एका पत्राला मी अकरा महिने उत्तर दिलं नाही. पत्र हरवलं नव्हतं. ते शब्दकोशाच्या तिसऱ्या खंडात होतं, आणि तो खंड आमच्या घरात माझ्याशिवाय कुणी उघडत नाही. घरात आम्ही दोघंच, मी आणि माझी थोरली बहीण, ताई. ती म्हणते, अडलेला शब्द माणसाला विचारावा. पुस्तकाला विचारलं की ते आणखी चार शब्द गळ्यात मारतं.

पत्र दीड पानाचं होतं. ओळी जराशा उजवीकडे उतरत गेलेल्या, पण समास पट्टीने आखल्यासारखा सरळ. खाली कोपऱ्यात एक छोटं चित्र. चित्राबद्दल पुढे सांगतो. लिहिणारे आमच्याच गावातले घड्याळजी. मजकूर मला पाठ आहे:

"महाशय, मी घड्याळं दुरुस्त करतो. मध्यंतरी माझ्या उजव्या अंगावरून वारं गेलं. हात परत आला असं डॉक्टर म्हणतात. मला खात्री नाही, आणि लोकांच्या घड्याळांवर खात्री करून घेणं बरोबर नाही. म्हणून मुलीने मला रंगवायला सहा शिपाई आणि तुमचं पुस्तक आणून दिलं. पान सतरावर लिहिलं आहे तसंच केलं. तीन शिपायांवर तीनदा केलं. रंगाचा दुसरा हात देताना पहिला सालासारखा उठून येतो. तुम्ही जाणकार आहात. चूक माझ्या हाताची असेल तर स्पष्ट लिहावं, वाईट वाटणार नाही. दुकानाचं काय करायचं ते त्यावरून ठरवता येईल. उत्तर येईपर्यंत उरलेल्या तिघांना हात लावत नाही."

जाणकार म्हणजे मी. हसू येईल तर खुशाल हसावं, मलाही आलं होतं.

मी जन्मभर छापखान्यात प्रूफं तपासली. दुसऱ्यांच्या वाक्यांतले काना, मात्रा, वेलांट्या जागेवर बसवल्या आणि स्वतः तोंड उघडायची वेळ आली की जागेवर बसलो. निवृत्तीच्या बऱ्याच आधीपासून मला एक नाद आहे. दोन पेरं उंचीच्या धातूच्या आकृत्या मिळतात, शिपाई, घोडेस्वार, तुतारीवाले. त्या मी रंगवतो. एका शिपायाला पंधरा दिवस लागतात. तेवढ्यात खरा शिपाई कवायत शिकून बाहेर पडत असेल.

असा नाद असलेल्या लोकांचं आमच्या गावात मंडळ आहे. नाव 'लघुप्रतिकृती रंगकर्मी मंडळ'. रंगकर्मी म्हणजे नाटकवाले, हे मी नाव ठरायच्या बैठकीत सांगायला हवं होतं. सांगितलं नाही. पुढे एक गृहस्थ नाटकात बापाचं काम मिळेल का विचारायला आले. त्यांना एक घोडा रंगवायला दिला. ते आता आमचे उपाध्यक्ष आहेत आणि घोडा अजून अर्धा आहे.

अध्यक्षांना सगळे सेनापती म्हणतात. विमा कचेरीत फायली वर-खाली करण्यात त्यांचं आयुष्य गेलं, पण निवृत्त झाल्यावर त्यांना लढाया कळू लागल्या. कपाळाला भिंगाचा पट्टा बांधून ते सभेत बसतात, चहा पितानाही काढत नाहीत. त्यातून त्यांना स्वतःचं काम मोठं दिसतं. त्यांच्या शिपायांचे डोळे नेहमी वटारलेले असतात. शत्रू दिसल्यामुळे नव्हे. आपल्याला कुणी रंगवलं ते कळल्यामुळे. चेहऱ्याला बाजारातला सगळ्यांत बारीक ब्रश वापरावा हा त्यांचा सिद्धांत. तीन केसांच्या त्या ब्रशात थेंबभर रंग राहत नाही. राहतो तो नाकापर्यंत पोहोचायच्या आत टोकावर वाळतो. ब्रश जरा जाड असला तरी चालतो, टोक शाबूत हवं. हे मी त्यांना बारा वर्षं सांगायच्या बेतात आहे.

मंडळाने नवशिक्यांसाठी पुस्तिका काढायची ठरवली तेव्हा लेखन आपोआप माझ्याकडे आलं, कारण बाकी कुणाला लिहायचं नव्हतं. मुखपृष्ठावर माझं नाव घालायचं ठरलं तेही त्याच कारणाने. पुस्तिकेचं नाव 'रंगवा, पण नीट'. चाळीस पानं. मी मनापासून लिहिली हे कबूल करतो. आकृती आधी साबणाच्या पाण्याने धुवावी, साच्याचा तेलकटपणा राहिला तर रंग धरत नाही. बाटलीच्या बुचावर चिकटवून बूच धरावं, आकृतीला बोट लावू नये. मग प्रायमर, म्हणजे रंगाखालचा करडा थर. मग रंग ताटलीत काढून दुधाइतका पातळ करावा आणि एक जाड हात देण्याऐवजी दोन पातळ हात द्यावेत. पहिला हात पूर्ण वाळल्याशिवाय दुसरा देऊ नये.

हस्तलिखित सेनापतींकडे गेलं. ते आठ दिवसांनी परत आलं, तेव्हा सेनापती नुकतेच कुठलंसं व्याख्यान ऐकून आले होते.

"कानामात्रा," ते म्हणाले. मंडळात माझं हेच नाव आहे. "पुस्तकात नुसतं नये नये नये. मोजलं मी. एकसष्ट नये आहेत. वाचणाऱ्याचा उत्साह मरतो. सकारात्मक लिहा. काय करावं ते सांगा."

काही गोष्टी न करण्यातच सगळी कला आहे, असं मी म्हणायला हवं होतं. मी म्हटलं, "बरं." माझ्या बहुतेक चुका याच शब्दाने सुरू झाल्या आहेत.

एका दुपारी बसून मी एकसष्ट नये उपटले. 'ब्रश तोंडात घालू नये' याचं 'ब्रश तोंडाबाहेर ठेवावा' झालं. असं वाक्य लिहिल्याबद्दल माणसाला पेन्शन मिळू नये. साठ वाक्यं उलटी करून झाली. पान सतरावरच्या वाक्यात मी 'देऊ नये' खोडून 'द्यावा' लिहिलं, आणि मागचा शब्द बदलायला विसरलो. छापलं गेलं ते असं: 'पहिला हात पूर्ण वाळल्याशिवाय दुसरा द्यावा.'

त्यानंतर मी चार प्रूफं वाचली. चारही वेळा ते वाक्य माझ्या डोळ्यांखालून गेलं. वाक्याचा अर्थ आधीच ठाऊक असला की डोळा छापलेलं वाचत नाही, ठाऊक असलेलं वाचतो, हे मी छापखान्यात नव्या लोकांना शिकवत असे. त्यांतला एकही जण आता माझी खिल्ली उडवायला या गावात उरलेला नाही. तेवढीच काय ती सोय.

पुस्तिकेच्या प्रती गावभर गेल्या. तक्रार एकाचीही नाही. याचा अर्थ पुस्तिका कुणी वाचली नाही. वाचली ती एका घड्याळजीने, आणि घड्याळजी जसा वाचेल तशी, शब्दाला शब्द.

पत्र आलं त्या दिवशी पान सतरा उघडलं आणि माझे कान तापले. मी पत्र घेऊन सेनापतींकडे गेलो. त्यांनी भिंगातून वाचलं.

"हात बसलेला नसतो आणि पुस्तकाला नावं ठेवतात," ते म्हणाले.

"त्यांनी नावं ठेवलेली नाहीत. स्वतःला ठेवलीत."

"मग उत्तमच. लिहून टाका, सराव करा म्हणून."

मी पत्र घरी आणलं आणि उत्तर लिहायला बसलो. पहिला मसुदा फार लांब झाला. त्यात नयेची सगळी हकीकत आली आणि शेवटी दोष सेनापतींचा निघाला. दुसऱ्यात दोष माझा निघाला, पण इतक्या सुंदर शब्दांत की वाचणाऱ्याने माझंच सांत्वन करावं. तिसरा दोन ओळींचा, उद्धट. अकरावा बरा होता, तोवर पाच महिने झाले होते, आणि मग उशिराबद्दल माफीचा परिच्छेद घालावा लागला. तो परिच्छेद आजपर्यंत जमलेला नाही. मग मी पत्र कोशात ठेवलं आणि घड्याळजींच्या गल्लीतून जाणं सोडलं. वाचनालयाला मी वळसा घालून जाऊ लागलो. ताईला सांगितलं, पायांना चाल हवी.

त्यात ताईचं मनगटी घड्याळ बंद पडलं. "दुरुस्तीला टाकून ये," ती म्हणाली. मी टाकतो म्हटलं. दर आठवड्याला म्हटलं. दोन महिन्यांनी तिने ते माझ्या खिशातून काढून घेतलं आणि स्वतः गेली.

परत आली ती चप्पल न काढता माझ्या टेबलाशी उभी राहिली. मी एका तुतारीवाल्याच्या कॉलरला हात देत होतो.

"दुकान उघडं होतं," ती म्हणाली. "बंद करण्यासाठी उघडलेलं. खोकी भरतायत. पहिल्या तारखेला जागा दुसऱ्याला देणार, तिथे मोबाईलची कव्हरं विकणार आहेत."

मी ब्रश खाली ठेवला.

"तो आत स्टुलावर बसला होता. हात मांडीवर, दुसऱ्या कुणाचे सांभाळायला दिल्यासारखे. मी मुलीला विचारलं, का गं बंद करताय? म्हणाली, बाबांनी एका जाणकाराला विचारलं होतं, माझा हात गेलाय का म्हणून. वर्षभर वाट पाहिली. उत्तर नाही. आता बाबा म्हणतात, भला माणूस आहे, तोंडावर नाही म्हणवत नसेल त्याला. गप्प राहिला हेच उत्तर."

तिने मला बोलायला जागाच ठेवली नव्हती.

"मी म्हटलं, कोण हा शहाणा? तिने पुस्तक दाखवलं. मुखपृष्ठावरचं नाव वाचलं आणि म्हटलं, नाही बाई, मी नाही ओळखत." ताईने चष्मा काढून पदराने पुसला. "आता तूच सांग, ओळखते का मी?"

मी तिसरा खंड काढला आणि पत्र तिच्या हातात दिलं. तिने उभ्यानेच वाचलं. मग कोपऱ्यातलं चित्र डोळ्यांजवळ नेलं. रंग कुठे उठतो ते दाखवायला घड्याळजींनी आपला शिपाई काढला होता, आहे तेवढाच, दोन पेरांचा. अंगरख्यावर सात बटणं, प्रत्येक गोल, प्रत्येकात दोन भोकं.

"हे त्याने काढलंय? वारं गेलेल्या हाताने?"

"त्यांनीच. रेघ कशी पडली आहे बघ. उजव्याच हाताची आहे."

"सात बटणं."

"हो."

"म्हणजे मोजलीस तू. कधी?"

"पत्र आलं त्याच दिवशी."

ती खुर्चीवर बसली. "अरे, म्हणजे हात शाबूत आहे हे तुला त्याच दिवशी दिसलं होतं."

"चूक माझी होती ताई. पुस्तकातली. कबूल करायची लाज वाटली."

"लाज तुला वाटली, आणि दुकान त्याने बंद करायचं. वा." तिने टेबलावरच्या पलटणीवरून नजर फिरवली. "एवढे शिपाई पाळलेस. सगळ्या जन्मात तू दोन हात केलेस ते रंगाचेच."

तारीख चोवीस होती.

त्याच संध्याकाळी मंडळाची सभा होती. मी उभा राहिलो. मी उभा राहतो तेव्हा लोकांना वाटतं खिडकी लावायची आहे. मी म्हटलं, पान सतरावर चूक आहे, शुद्धिपत्र छापून घ्यावं.

"एका शब्दासाठी?" सेनापती म्हणाले. "पुढच्या महिन्यात प्रदर्शन आहे. लोकांना काय दाखवायचं, आमचं पुस्तक चुकलंय?"

"चुकलंच आहे."

"कानामात्रा, वाचणाऱ्यालाही अक्कल असते. त्याने समजून घ्यायचं."

"त्यांनी समजून घेतलं नाही. त्यांनी वाचलं."

उपाध्यक्ष म्हणाले, त्यांनीही पुस्तक वाचलंय पण त्यांना असं काही आढळलं नाही. त्यांचा घोडा शेजारच्या कपाटात होता. मी त्याच्याकडे पाहिलं, तेवढं पुरलं.

मग मी कपाटातून उरलेल्या प्रती काढल्या. एकोणचाळीस निघाल्या. खिशातलं लाल पेन काढलं आणि कोपऱ्यातल्या स्टुलावर बसून प्रत्येक प्रतीचं पान सतरा उघडलं. 'वाळल्याशिवाय' मधलं 'शिवाय' खोडायचं, वर 'वरच' लिहायचं. वाळल्यावरच. तीन अक्षरं काढून तीन घालायची. अकरा महिने मी तीन अक्षरांना घाबरून होतो.

"प्रती खराब करताय तुम्ही," सेनापती म्हणाले.

"त्या खराबच छापल्यात," मी म्हटलं, आणि पुढची घेतली. ते भिंगाचा पट्टा नीट करत बसले. सभेत पुढे प्रदर्शनाच्या पडद्यांच्या रंगावर चर्चा झाली. पाऊण तास चालली. रंग ठरला नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी, खिडकीतून डावीकडून चांगला उजेड येतो त्या वेळी, मी तीन कोरे शिपाई घेतले. धुतले, बुचांवर चिकटवले, प्रायमर दिला, तो वाळू दिला. मग निळा रंग दुधाइतका पातळ केला आणि पान सतरावर छापलंय तसं केलं. पहिला हात दिला. तो वाळला नाही, नुसती चकाकी गेली, तेवढ्यात दुसरा दिला. माझा हात थरथरत नाही. स्वतःबद्दलच्या सगळ्या शंकांत ही एक शंका मला कधी आली नाही. तरी अर्धवट ओला रंग ब्रशला चिकटला आणि छातीवरून साल निघावी तसा निघाला, आतला करडा प्रायमर दिसू लागला. दुसऱ्यावर तेच. तिसऱ्यावर मी हलक्या हाताने प्रयत्न केला, तर तिथे आणखी वाईट झालं. इतकं वाईट काम मी सुरुवातीच्या दिवसांतही केलं नव्हतं.

मग पत्र लिहिलं. मसुदा केला नाही.

"महाशय, तुमच्या पत्राला अकरा महिने उत्तर दिलं नाही. कारण भित्रेपणा, दुसरं काही नाही. पान सतरावर चूक आहे आणि ती माझी आहे. 'वाळल्याशिवाय' च्या जागी 'वाळल्यावरच' हवं. सोबत तीन शिपाई पाठवत आहे. ते मी माझ्या हाताने, पुस्तकात छापल्याप्रमाणे रंगवले आहेत. तुमच्या तिघांशेजारी ठेवून पाहा. तुमचा हात पूर्ण परत आला की नाही हे मला माहीत नाही, मी डॉक्टर नाही. माझ्या पुस्तकावरून ते कळणार नाही, एवढं नक्की. पण तुमच्या पत्रातल्या शिपायाला सात बटणं आहेत आणि सातही बटणांना भोकं आहेत. मला आज ती तशी काढता येणार नाहीत. मी गप्प राहिलो त्याचा अर्थ तुम्ही घेतलात तो नव्हता. उरलेल्या तिघांपैकी एक घ्या. पहिला हात द्या आणि जेवून या. नखाने टाचेपाशी हलकेच टोचून पाहा. खूण उमटली नाही तरच दुसरा द्या. पहिल्या तारखेच्या आत हे करा."

ताईने पत्र वाचलं. "'भित्रेपणा' मधला 'भि' ऱ्हस्वच ना?" तिने विचारलं. मी हो म्हटलं. "मग ठीक आहे. चल, देऊन येऊ. दोन गल्ल्या तर आहेत."

"पोस्टाने पाठवतो."

"दोन गल्ल्यांसाठी?"

"समोर गेलो तर मी आधी हवापाण्यावर बोलेन, मग ते भले म्हणून मला माफ करतील, आणि शिपाई माझ्या पिशवीतच परत येतील. मला मी माहीत आहे."

तिने माझ्याकडे पाहिलं, आणि पहिल्यांदा मला पटवून द्यायचा प्रयत्न केला नाही. मी शिपाई कापसात गुंडाळून पुठ्ठ्याच्या डबीत ठेवत होतो. तिने पिशवीतून आपलं बंद घड्याळ काढलं आणि चौथ्या कोपऱ्यात, कापसावर ठेवलं. वर एक चिठ्ठी, तिच्या मोठ्या अक्षरात: 'हे बंद आहे. घाई नाही. मी याची बहीण.'

सोमवारी पोस्ट उघडायच्या वेळेला आम्ही रांगेत होतो. तारीख सव्वीस. खिडकीतल्या बाईंनी डबी तोलली, पत्ता वाचला आणि चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं.

"आजोबा, हे इथलंच आहे. हाकेच्या अंतरावर. चालत देऊन या की."

"नको. पोस्टानेच."

"आत काय?"

"तीन शिपाई, एक घड्याळ आणि पत्र."

"घड्याळ चालू आहे का? तसं लिहावं लागतं."

"नाही," माझ्या मागून ताई म्हणाली. "अजून नाही."

बाईंनी ते लिहून घेतलं. "साधं पाठवू की तातडीचं?"

मागे कोणीतरी खोकलं. ती ताईच असावी. मी वळून पाहिलं नाही.

"तातडीचं," मी म्हटलं. त्यांनी शिक्का मारला आणि डबी मागच्या पोत्यात टाकली.